सकाळच्या दोन कपांसाठी केवढं मशीन?

एका वाचक मैत्रिणीचं पत्र आलं आहे. नाव-गाव अर्थातच देत नाही. मजकूर थोडक्यात असा:

घरात दोघंच. तिला सकाळी साडेसहाला बाहेर पडावं लागतं आणि निघण्याआधी दुधाची कडक कॉफी हवीच असते. घाईत ती जमत नाही, मग वाटेवरच्या कॅफेतून कप उचलायची सवय लागली आणि महिनाअखेरीला तो आकडा डोळ्यांत भरायला लागला. म्हणून घरीच कॉफी मेकर घ्यायचं ठरवलं. दोन महिने शोधाशोध करून यादी तिनावर आली आहे: दुधाला फेस आणणारी नळी असलेलं, बऱ्यापैकी स्वस्त ‘१५ बार’चं एस्प्रेसो मशीन, ‘१२ कपां’चं ड्रिप मशीन, आणि सध्या घसघशीत सूट असलेलं कॅप्सूलचं मशीन. नवरा उशिरा उठून मोठा मगभर काळी इन्स्टंट कॉफी पितो आणि त्यात तो खूश आहे. त्याचं म्हणणं, ‘चार दिवस हौसेने वापरशील, मग ओट्यावर धूळ खात पडेल.’ तिचा प्रश्न असा की, तिघांपैकी कोणतं घेतलं तर कॅफेसारखी चव मिळेल आणि पैसेही वाचतील? जाता जाता एक उपप्रश्न: नवऱ्याचं कोलेस्टेरॉल थोडं वाढलेलं निघालं आहे, त्याचा कॉफीशी काही संबंध असतो का?

तुमचं पत्र वाचताना एक गोष्ट लक्षात आली. मशीनबद्दल तुम्ही भरपूर लिहिलंय. बार किती, वॉट किती, टाकी किती लिटरची, वॉरंटी किती वर्षांची, सगळं. कॉफी कुठली आणणार, दळलेली की अख्ख्या बिया, याबद्दल मात्र एक ओळही नाही. तुम्हाला दोष देत नाही, बहुतेक पत्रं अशीच येतात, कारण जाहिरात मशीनची होते. पण कपातल्या चवीचा हिशेब मांडला तर क्रम जवळजवळ उलटा लागतो. आधी बिया आणि त्यांचा ताजेपणा, मग दळण, मग पाणी आणि प्रमाण, आणि यंत्र त्यानंतर. शिळ्या पुडीला चांगलं मशीन वाचवू शकत नाही. उलट ताजी, नीट दळलेली कॉफी साध्या गाळणीतूनसुद्धा मान डोलवायला लावते.

भाजल्यानंतर काही आठवड्यांत बियांचा वास उतरायला लागतो. दळल्यावर तर ते दिवसांवर येतं, कारण दळल्यावर हवा लागणारा पृष्ठभाग कितीतरी पटींनी वाढतो. म्हणून पाकिटावर ‘कधीपर्यंत वापरावी’ या तारखेपेक्षा ‘कधी भाजली’ ही तारीख शोधा. ती छापलेली नसेल तर दुसरं पाकीट बघा. आणि फ्रीजमध्ये ठेवू नका. दर वेळी बाहेर काढताना ओल धरते आणि शेजारच्या डब्यांचे वासही लागतात. घट्ट झाकणाचा, उजेड आत न जाणारा डबा आणि शेगडीपासून लांबचं कपाट पुरेसं आहे.

आता तुमच्या यादीकडे वळू. ‘१५ बार’पासूनच सुरुवात करतो, कारण या आकड्याने जितके खिसे हलके केलेत तितके दुसऱ्या कशाने केले नसतील.

एस्प्रेसो म्हणजे बारीक पुडीतून दाबाने गरम पाणी ढकलून काढलेली थोडीशी दाट कॉफी. त्यासाठी साधारण ९ बार दाब लागतो, म्हणजे आपल्याभोवतीच्या हवेच्या दाबाच्या नऊ पट. खोक्यावरचे १५ बार ही पंपाची कमाल ताकद असते. कॉफीच्या पुडीवर तेवढा दाब पडणं अपेक्षितही नाही. नीट बनवलेल्या मशीनमध्ये जादाचा दाब सोडून द्यायला झडप असते. तेव्हा १५ बार, २० बार यातली स्पर्धा तुम्ही खुशाल दुर्लक्षून टाका. त्यापेक्षा तुमच्या यादीतल्या मशीनला पंप आहे की ते नुसतं वाफेवर चालतं, हे तपासा. मिलानच्या लुईजी बेझ्झेरा यांनी १९०१ मध्ये ज्या यंत्राचं पेटंट घेतलं, त्यात वाफेचा दाबच पाणी ढकलत असे. आजही सर्वांत स्वस्त मशीनं त्याच तत्त्वावर चालतात. पाणी उकळतं, कोंडलेली वाफ त्याला पुडीतून ढकलते. दाब ९ बारच्या जवळपासही जात नाही आणि पाणी हवं त्यापेक्षा गरम असल्याने कॉफी करपट, कडवट उतरते. दाट सोनेरी फेसाचा एस्प्रेसो आला तो पुढे, गाज्जिया या इटालियन माणसाच्या तरफेच्या यंत्रांबरोबर, १९४०च्या दशकाच्या शेवटाला. तेव्हा नुसत्या वाफेवर चालणारं ‘एस्प्रेसो’ मशीन घेण्यात अर्थ नाही, हे मी बिनदिक्कत सांगतो.

समजा, तुमच्याला पंप आहे. मग दुसरी मेख बघा. जी छोटी जाळीदार वाटी हँडलमध्ये बसते, ती उलटी करून उजेडात धरा. खालून एकच टाचणीएवढं भोक दिसलं, तर ती दुहेरी तळाची, म्हणजे दाब कृत्रिमपणे तयार करणारी वाटी आहे. तिच्यातून कॉफी जोरात बाहेर फवारली जाते आणि कशीही, कितीही शिळी पूड असली तरी वर फेस येतो. दिसायला कॅफेसारखा, चवीला पोकळ. खालून शेकडो बारीक भोकं दिसली तर ती साधी वाटी. तिच्यात खरा एस्प्रेसो होऊ शकतो, पण मग पूड अगदी अचूक बारीक हवी. साधारण १८ ग्रॅम पुडीतून ३६ ग्रॅमच्या आसपास कॉफी २५ ते ३० सेकंदांत उतरली पाहिजे. दहा सेकंदांत भळभळली तर आंबट पाणी, मिनिटभर थेंबथेंब आली तर कडू औषध. ही जुळवाजुळव दळणाच्या बारीक-जाडपणावर होते, म्हणजे त्यासाठी चांगला ग्राइंडर हवा, आणि एस्प्रेसोचा ग्राइंडर कधीकधी मशीनइतकाच महाग पडतो. मशीनच्या किमतीत बजेट बसवलेल्या माणसाला हा खर्च नंतर कळतो. सकाळी सहा वाजता हे प्रयोग करायची तुमची तयारी आहे का? मला तुमच्या पत्रावरून तरी तसं वाटत नाही. हौस असेल तर मात्र हा छंद झकास आहे, त्याला माझी ना नाही.

ड्रिप मशीनबद्दल ग्रह फार वाईट आहेत, आणि थोडे अन्याय्यही. कागदी फिल्टरवर पूड, वरून गरम पाण्याची धार, खाली भांडं. यात बिघडण्यासारखं फार काही नसतं. पण ‘१२ कप’ या शब्दांत फसवाफसवी आहे. मशीनवाल्यांचा कप बहुधा सव्वाशे ते दीडशे मिलिलीटरचा असतो. तुमच्या नवऱ्याचा मोठा मग म्हणजे त्यांच्या हिशेबाने दोन कप. म्हणजे बारा कपांचं मशीन सहा माणसांचं झालं, आणि तुम्ही दोघं. मोठ्या मशीनमध्ये थोडीच कॉफी केली की रुंद टोपलीत पुडीचा थर पातळ बसतो, पाणी पटकन निघून जातं आणि कॉफी पाणचट होते. शिवाय काचेच्या भांड्याखालची गरम पट्टी. तुम्ही साडेसहाला जाणार, नवरा आठला उठणार. तोवर ती कॉफी पट्टीवर शिजत राहील आणि त्याला जे मिळेल, त्यापुढे त्याची इन्स्टंट कधीही बरी. ड्रिपच घ्यायचं तर लहान घ्या, चार-पाच कपांचं, आणि जमलं तर थर्मासच्या भांड्याचं. घरात कॉफी पिणारे पाच-सहा जण आहेत, सगळ्यांना एकाच वेळी हवी असते, हाताने काही करायला वेळ नाही, अशा घरांना मात्र मी पहिल्यांदा ड्रिपच सुचवेन. तुमची गरज तशी नाही, आणि तुम्हाला दुधासाठी लागणारी दाट कॉफी त्यातून मिळणारही नाही.

कॅप्सूल मशीनवर सूट का असते, याचा विचार केलात? मशीन एकदा विकलं जातं, कॅप्सूल, म्हणजे एका कपाच्या पुडीची बंद डबी, रोज. खरेदीआधी एकच गणित करा. छोट्या कॅप्सूलमध्ये साधारण ५ ते ६ ग्रॅम कॉफी असते. कॅप्सूलच्या किमतीला ५.५ ने भागा. आलेला दर चांगल्या ताज्या बियांच्या पाकिटाच्या दर ग्रॅम किमतीशी ताडून बघा. फरक कागदावर लिहा आणि फ्रीजवर चिकटवा. सोयीला माझा विरोध नाही. हाताला त्रास असणाऱ्यांना, एकट्याने राहणाऱ्या आणि दिवसाला एकच कप घेणाऱ्यांना ती सोय विकत घेण्यासारखी असू शकते. पण तुम्ही लिहिलंय ‘पैसे वाचावेत’. त्या उद्देशाशी हे यंत्र जुळत नाही. त्यातून एखाद्या कंपनीने आपल्या कॅप्सूलचा आकार वेगळा ठेवला असेल, तर मशीन चालू असेपर्यंत तुम्ही तिच्याशी बांधलेल्या.

बचतीचं आलंच आहे तर जरा टोचून विचारतो. कॅफेतले कुठले कप घरच्या कॉफीने खरंच बंद होतील? घाईत वाटेवर उचललेला कप बंद होईल. पण मैत्रिणीशी बोलायला म्हणून जिथे बसता, ती बैठक मशीन आल्यावरही चालूच राहणार, आणि राहावी. महिन्याच्या खर्चातून तेवढे कप आधी वजा करा. उरलेल्या रकमेतून बियांचा खर्च वजा करा. एका कपाला १५ ग्रॅम धरले तर पाव किलोचं पाकीट सोळा कप देतं. यानंतर जे उरतं ती तुमची खरी बचत. यंत्राची किंमत त्या आकड्याने भागली की किती महिन्यांत पैसे वसूल होतील ते कळेल. वर्षाच्या पुढे उत्तर गेलं तर यंत्र तुमच्यासाठी महाग आहे, मग सूट कितीही असो.

आता तुम्ही यादीत न घेतलेल्या गोष्टी. ‘कॉफी मेकर’ म्हटलं की वायर आणि बटण असलंच पाहिजे, हे तुम्ही धरून चालला आहात.

दुधाच्या कडक कॉफीसाठी माझी पहिली पसंती मोका पॉट. इटलीतल्या अल्फोन्सो बियालेत्ती यांच्या कारखान्यात १९३३ मध्ये तो आला. खाली पाण्याचं भांडं, मधे पुडीची वाटी, वर कॉफी जमा होणारं भांडं. त्यात ९ बारचा एस्प्रेसो होत नाही, दाब एक-दोन बारच्या आसपासच असतो. पण जी कॉफी उतरते ती इतकी दाट असते की दुधात घातल्यावरही तिचा आवाज दबत नाही. दुधाच्या कॉफीत हेच तर हवं असतं.

हा वापरताना लोक जिथे चुकतात ते सांगतो. तळाच्या भांड्यात आधीच गरम केलेलं पाणी घाला, बाजूच्या सुरक्षा झडपेच्या खालपर्यंतच. गार पाणी घातलंत तर ते तापेपर्यंत वरची पूड धातूच्या आचेने भाजत राहते. पूड वाटीत काठोकाठ भरा, बोटाने सारखी करा, दाबू मात्र अजिबात नका. फडक्याने धरून घट्ट आवळा, कारण खालचं भांडं तापलेलं असतं. आच मंद ठेवा, झाकण उघडं. थोड्या वेळाने मधल्या नळीतून गडद तपकिरी, मधासारखी दाट धार शांतपणे बाहेर यायला लागेल. हळूहळू तिचा रंग फिका होत जाईल. ती पिवळट झाली आणि फुसफुस सुरू झाली की लगेच उतरवा आणि तळ नळाखाली गार पाण्यात धरा. बहुतेकांच्या मोका पॉटमधला कडवटपणा या शेवटच्या अर्ध्या मिनिटात येतो, कारण तेव्हा पाणी संपत आलेलं असतं आणि वाफ उरलीसुरली पूड करपवत असते. सगळं मिळून पाचेक मिनिटं लागतात, आणि त्यातली तीन तुम्ही केस विंचरू शकता.

आकार नीट निवडा. इथे ‘कप’ म्हणजे एस्प्रेसोचा, साधारण ५० मिलिलीटरचा. तुमच्या एका मोठ्या दुधाच्या कपासाठी तीन कपांचा पॉट बरोबर होईल. ‘पाहुणे आले तर’ म्हणून मोठा घेऊ नका, मोका अर्धा भरून नीट चालत नाही. शेगडी इंडक्शनची असेल तर ॲल्युमिनियमचा पॉट तिच्यावर तापणारच नाही. त्यासाठी इंडक्शनवर चालणारा स्टीलचा बघावा लागेल. फेस हवा असेल तर बॅटरीवर फिरणारी छोटी रवी मिळते, ती घ्या. दूध साठ-पासष्ट अंशांपर्यंतच तापवा, बोट लावल्यावर पटकन मागे घ्यावंसं वाटेल इतपत. उकळी आणलीत तर शिजलेल्या दुधाचा वास कॉफीवर चढतो.

मोका करायचा नसेल तर एरोप्रेस बघा. ॲलन ॲडलर या अमेरिकी संशोधकाने २००५ मध्ये आणलेलं हे यंत्र प्लास्टिकच्या मोठ्या पिचकारीसारखं दिसतं आणि ते पाहून कोणाचाही विश्वास बसत नाही. कॉफी दोन मिनिटांत, धुणं दहा सेकंदांत. प्रवासालाही नेता येतं. एका वेळी एकच कप होतो, एवढीच अडचण. फ्रेंच प्रेसचे, म्हणजे पूड पाण्यात भिजवून वरून जाळी दाबायच्या भांड्याचे, चाहते मला रागावतील, पण तुमच्यासाठी मी तो सुचवणार नाही. त्याची कॉफी दुधासाठी तेवढी दाट नसते आणि सकाळच्या घाईत तळाचा गाळ खरवडत बसणं कोणालाच आवडत नाही.

दुसरं कारण तुमच्या उपप्रश्नात आहे. न गाळलेल्या कॉफीत कॅफेस्टॉल आणि काहवेऑल नावाचे तेलकट घटक असतात आणि ते एलडीएल, म्हणजे ‘वाईट’ कोलेस्टेरॉल वाढवू शकतात. फ्रेंच प्रेसची जाळी त्यांना अडवत नाही. कागदी फिल्टर मात्र त्यांतला बहुतेक भाग अडवतो. नवऱ्याच्या इन्स्टंट कॉफीत हे घटक अगदी थोडे असतात, त्यामुळे रिपोर्टचं खापर तिच्यावर फोडू नका. बाकीचं डॉक्टर सांगतील. पण त्याला काळी कॉफी नव्याने द्यायची झाली तर ती कागदातून गाळलेलीच द्या. त्यासाठी लागतो एक साधा शंकू, ज्याला ड्रिपर म्हणतात, आणि कागद. जर्मनीच्या मेलिटा बेंट्झ यांनी १९०८ मध्ये मुलाच्या वहीतला टीपकागद आणि भोकं पाडलेलं पितळी भांडं वापरून हेच सुरू केलं. प्लास्टिकचा शंकू घ्या. तो चिनी मातीच्या शंकूपेक्षा स्वस्त असतो, फुटत नाही आणि पाण्याची उष्णताही कमी खातो. मोठ्या मगला १८ ग्रॅम पूड, ३०० मिलिलीटर पाणी, उकळी थांबून अर्धा मिनिट झाल्यावरचं. आधी थोडंसं ओतून पूड फुगू द्या, मग उरलेलं हळूहळू. तीन मिनिटांत मग तयार.

त्याला आग्रह मात्र करू नका. इन्स्टंट ही खरी कॉफीच असते, आधी काढून वाळवलेली. ज्याला ती आवडते त्याचं काही चुकत नाही. एखाद्या सुट्टीच्या सकाळी दोन मग न सांगता शेजारी ठेवा, एक त्याचा नेहमीचा आणि एक शंकूतला, आणि कुठला आधी संपतो ते बघा. इन्स्टंटचा संपला तर तुमच्या ताज्या बिया तुमच्याच झाल्या.

यंत्रांवर वाचलेल्या पैशातून एक हाताने फिरवायचा ग्राइंडर घ्या, पण चक्कीच्या तत्त्वावरचा, ज्याला बर ग्राइंडर म्हणतात. मिक्सरसारखं पातं फिरणारा घेऊ नका. पात्याच्या ग्राइंडरमधली पूड तळहातावर घेऊन बघा. काही कण पिठासारखे, काही फोडलेल्या डाळीएवढे. पिठातून कडूपणा उतरतो आणि मोठ्या कणांतून काहीच उतरत नाही, म्हणून तीच कॉफी एकाच घोटात कडूही लागते आणि पाणचटही. चक्कीत कण बऱ्यापैकी सारखे पडतात. मोकाला बारीक रव्यासारखं दळण हवं, शंकूला त्याहून थोडं जाड. पंधरा ग्रॅम हाताने दळायला एखाद-दोन मिनिटं लागतात. सकाळी तेवढंही नको असेल तर रात्री दळून डबी बंद करून ठेवा, थोडा वास जाईल, पण महिनाभर जुन्या पुडीपेक्षा ती कितीतरी सरस. आणि ग्राइंडर अगदीच नको असेल तर जिथून बिया घ्याल तिथूनच मोकासाठी दळून घ्या, पण एका वेळी आठ-दहा दिवसांचीच.

एक छोटा वजनकाटा स्वयंपाकघरात असेल तर तोही कामाला लावा. चमच्याने मोजलेली कॉफी रोज वेगळी लागते आणि आपण दोष मशीनला देतो.

मोका, शंकू, रवी आणि हातग्राइंडर या चौघांची बेरीज करून ती तुमच्या यादीतल्या मशीनशेजारी लिहा. नवऱ्याची धुळीची शंकाही रास्त आहे, तिला उत्तर असं की यातलं काहीही ओट्यावर ठेवावं लागत नाही, सगळं एका कप्प्यात मावतं. दोन-तीन महिने वापरल्यावरही खरा एस्प्रेसो हवासा वाटला तर मशीन तेव्हाही मिळेल, आणि तोवर आपल्याला नेमकं काय आवडतं हेही कळलेलं असेल. फक्त तेव्हा हातग्राइंडर एस्प्रेसोइतकं बारीक दळू शकणारा आहे का, हे आत्ता खरेदी करतानाच विचारून ठेवा.

आणि हो, मोका पॉट घेताना त्याच्याबरोबर त्याच मापाची रबरी रिंगही एक जास्तीची घ्या. वर्षा-दीड वर्षात ती कडक होते, सांध्यातून वाफ गळायला लागते आणि लोक अख्खा पॉट फेकून देतात. ॲल्युमिनियमचा असेल तर तो डिशवॉशरमध्ये घालू नका, काळा पडतो. नुसत्या गरम पाण्याने धुवा, पुसा आणि भाग सुटे ठेवून वाळवा.